करवंदीच्या जाळीआडचा पाय

डोळे मिटा पाहू, बाळांनो. फार घट्ट नको, पापण्या दुखतील. मागे बसलेल्या मोठ्या माणसांनी मिटले नाहीत तरी चालेल. त्यांना उघड्या डोळ्यांनीही न बघण्याचा सराव असतो.

आता डोळ्यांपुढे एक रान आणा. त्याचं नाव आडवन. रानाच्या मधून एक नदी वाहते, तिचं नाव सांडवी. नदीला दोन काठ. आपण उभे आहोत तो ऐलकाठ आणि समोर दिसतो तो पैलकाठ. ऐलकाठावर सावली दाट, पैलकाठावर गवत दाट. म्हणून आडवनातले प्राणी वर्षातला बराच काळ ऐलकाठावर राहत, आणि वैशाखात इथलं गवत संपलं की नदी ओलांडून पैलकाठावर जात. डोंगरातून पाणी सुटायच्या आत हे ओलांडणं व्हायला हवं. एकदा सांडवी भरली की मग काठावर बसून फक्त समोरचं गवत वाऱ्यावर कसं डोलतं ते बघायचं.

ओलांडणं सोपं नव्हतं. सांडवीच्या तळाची वाळू दर पावसाळ्यात जागा बदले. मागच्या वर्षी जिथे गुडघाभर पाणी, तिथे या वर्षी डोह. त्यामुळे नदीतली वाट मला माहीत आहे असं कुणीच म्हणू शकत नसे. ती दर वर्षी नव्याने शोधावी लागे.

हे काम थोरल्या हत्तीणबाई करत. त्या काठावर येत, एक पाय पाण्यात घालत, मागे घेत. थोडं बाजूला सरकून पुन्हा घालत, पुन्हा मागे घेत. पायाखाली गोटे लागले तर पुढे, वाळू सरकली तर मागे. या रिवाजाला रानात ‘चाचप’ म्हणत. चाचप चाले तेव्हा मोठे प्राणी कंटाळून जांभया देत, किंवा हत्तीणबाईंच्या सोंडेकडे बघत. पायांकडे बघे फक्त एक भेकराचं पिल्लू. तिचं नाव कुसळी. नाव कुसळी, कारण ती एकदा चिकटली की सुटत नसे. कुसळी जन्मली त्याच वर्षी हत्तीणबाईंच्या पोटाखालून नदी पार झाली होती. तिथून पायच दिसतात, दुसरं काही दिसत नाही.

त्यानंतर आडवनात निवडणूक आली.

एका बाजूला थोरल्या हत्तीणबाई. दुसऱ्या बाजूला ठामराव गवा. गवा तुम्ही पाहिला आहे का? खांद्यावर टेकडी ठेवल्यासारखा दिसतो. ठामरावांचे खांदे इतके रुंद होते की ते समोर उभे राहिले की मागचं काहीच दिसत नसे. राजकारणात हा मोठा गुण समजतात.

सभेत एका रानडुकराने दोघांना एकच प्रश्न विचारला. “पुढच्या वैशाखात आम्हाला पैलकाठी नेणार का?”

हत्तीणबाई म्हणाल्या, “बघू. पाणी बघून सांगते.”

ठामराव म्हणाले, “नेणार म्हणजे नेणारच!”

आणि सगळी सभा उठून ओरडली, “नेणार म्हणजे नेणारच!”

कसं नेणार, कुठून नेणार, असं काही कुणी विचारलं नाही. एवढं मोठं ‘च’ ऐकल्यावर विचारायला जागाच उरत नाही. हत्तीणबाई पडल्या. त्यांनी अनामत म्हणून ठेवलेलं उसाचं कांडं जप्त झालं आणि जप्त करणाऱ्यांनी ते तिथेच खाऊन टाकलं. हत्तीणबाई भांडल्या नाहीत. त्या डोंगरापलीकडे आपल्या कळपात निघून गेल्या, जिथे ‘बघू’ म्हणायला अजून परवानगी होती.

आता एक गुपित सांगतो. डोळे मिटलेल्यांनीच ऐका.

ठामरावांचा मागचा डावा पाय थरथरत असे.

नेहमी नाही. चरताना, झोपताना, चिखलात लोळताना तो पाय अगदी शहाण्यासारखा वागे. पण ठामराव एखादी गोष्ट छातीठोकपणे बोलले, की तिकडे मागे पाय लटलट कापायला लागे. जेवढं वाक्य ठाम, तेवढी थरथर जास्त. ‘नेणारच’ म्हणताना तर खुराखालची पाचोळ्याची चळत सळसळली होती. शेजारच्या सशाला वाटलं साप आला. तो पळाला, आणि सभेत बातमी पसरली की साहेबांच्या नुसत्या शब्दाने साप पळतात.

राजा झाल्यावर ठामरावांनी पहिला हुकूम काढला: दरबार नेहमी करवंदीच्या जाळीला पाठ लावून भरेल. राजाचा पुढचा अर्धा भाग दरबारात, मागचा अर्धा जाळीत. करवंदीला काटे असतात हे तुम्हाला ठाऊक आहेच. भाषणात जोर आला की पाय कापे, पाय कापला की काटे टोचत, काटे टोचले की राजाच्या डोळ्यांत पाणी येई. प्रजा म्हणे, “किती कळवळा आहे बघा! आपल्यासाठी रडतात हो!”

राजाची सल्लागार होती टिटवीबाई. टिटवी रात्री पाय वर करून झोपते, कारण आभाळ पडलं तर ते पायांवर झेलायचं असतं, असं म्हणतात. हे म्हणणारी मुख्यतः टिटवीच. ठामरावांनी तिला आभाळमंत्री केलं. कुणी शंका काढली की ती एवढंच विचारी, “मी कामावर असताना आभाळ एकदा तरी पडलंय का?” पडलं नव्हतं. यापुढे कोण काय बोलणार?

तीही एक गोष्ट कुणाला सांगत नसे. एकदा तिच्या पोटाला खाज सुटली होती आणि तिने झोपेत दोन्ही पाय खाली घेऊन खाजवलं होतं. आभाळ होतं तिथेच राहिलं. तेव्हापासून बिचारीला नीट झोप नव्हती.

एकदा संध्याकाळी दोघंच असताना राजाने तिला विचारलं, “टिटवीबाई, खरं सांगा, तुम्हाला कधी असं... म्हणजे आत कुठेतरी...”

“सरकार,” टिटवी घाईने म्हणाली, “आत बघायचंच नाही. आत काही असलं तर ते बाहेर येतं. बाहेर छाती काढा, आत जागाच राहत नाही.”

राजाला हे पटलं. दुसऱ्याच दिवशी छातीकायदा आला.

कायदा सोपा होता. प्रत्येकाने छाती काढून चालायचं. ‘बघू’, ‘बहुतेक’, ‘वाटतं’ हे शब्द बंद. टाकलेलं पाऊल मागे घेणं म्हणजे राजद्रोह. त्यामुळे चाचपही बंद. अंमलबजावणीसाठी रानकोंबड्यांचं छातीपथक नेमलं. सूर्य आपल्यामुळेच उगवतो, असा त्यांचा आधीपासूनच विश्वास असल्याने त्यांना वेगळं प्रशिक्षण द्यावं लागलं नाही. पथकाचे प्रमुख हवालदार तुरेकर.

मग काय मजा झाली म्हणता! माकडं उडी मारण्याआधी अंतर बघत, ते बंद झालं. झाडावरून पिकलेल्या फळांसारखी माकडं पडू लागली. तुरेकर खाली उभे असत.

“पडलास काय रे?”

“छे! उतरलो, हवालदारसाहेब. उतरलो म्हणजे उतरलोच.”

“एवढ्या आवाजात?”

“अभिमानाने उतरलो.”

कासवाचा प्रश्न अवघड होता. त्याची छाती कवचात. तुरेकरांनी बराच वेळ कवचावर चोच मारून पाहिली आणि शेवटी हुकूम दिला की कासवाने मान कायम बाहेर ठेवावी. कासवाच्या मानेला उन्हाने फोड आले. खेकडा तिरका चालतो म्हणून त्याला सरळ चालायला लावलं, तर तो बीळ सोडून तुरेकरांच्याच पायात गेला. तुरेकर किंचाळले. किंचाळणं कायद्यात बसत नसल्याने ते जयघोषात मोजलं गेलं.

हसा, हसा. मीही हसतो आहे. पण मोठी माणसं का हसत नाहीत ते मला माहीत नाही.

असं करता करता वैशाख आला. ऐलकाठचं गवत संपलं. सगळं रान छाती काढून नदीवर जमलं. ठामराव पुढे झाले, पाण्यापाशी गेले. आणि त्यांच्या लक्षात आलं की काठावर करवंदीची जाळी नाही.

समोर पाणी. पाण्याखाली काय आहे ते ठाऊक नाही. पाऊल टाकलं आणि डोह लागला तर? मागे घ्यायचं नाही, असा कायदा. कायदा कुणाचा? आपलाच. मागे सगळी प्रजा. पाय हळूच कापायला लागला.

ठामरावांनी झटकन वळून प्रजेकडे तोंड केलं, कापणारा पाय पाण्यात गेला, आणि त्यांनी भाषण सुरू केलं.

“माझ्या खुरवाल्या, शिंगवाल्या आणि शेपटीवाल्या बंधू-भगिनींनो! ही नदी आपल्या वाटेत कुणी आणून ठेवली? मी आणली का?”

“नाही!”

“ही नदी मागच्या राजवटीपासून वाहते आहे! हत्तीणबाई इतकी वर्षं हिच्यात नुसते पाय घालत आणि काढत राहिल्या. त्यांनी ती थांबवली का?”

“नाही!”

“मी थांबवणार म्हणजे थांबवणारच!”

नदी थांबेपर्यंत सगळ्यांनी वाट बघायची ठरलं. सभा मोठ्या उत्साहात संपली. कासव तेवढं हळूच म्हणालं, “पण मग पिणार काय?” त्याची मान बाहेरच होती, त्यामुळे पथकाला ती लगेच सापडली.

नदी थांबली नाही. पोटं आत जाऊ लागली, छात्या बाहेर होत्याच. तेव्हा टिटवीबाईने तोड काढली.

“सरकार, प्रजेला पैलकाठी न्यायचं वचन दिलंय ना? मग प्रजेला कशाला हलवायचं? काठालाच हलवू.”

दुसऱ्या दिवशी दवंडी पिटली गेली. आजपासून या काठाचं नाव पैलकाठ! समोरचा तो ऐलकाठ. सर्व प्राणी सुखरूप पैलकाठी पोचलेले आहेत. सर्वांनी नदीतून आल्याप्रमाणे पाय झटकावेत.

सगळ्यांनी पाय झटकले. धूळ उडाली. पोचल्याचा महोत्सव झाला. जिथे गवत नव्हतं तिथे गवत चरण्याचा कार्यक्रम झाला, आणि शेवटी तुरेकरांच्या इशाऱ्यावर सर्वांनी मिळून तृप्तीची ढेकर दिली. रिकाम्या पोटाची ढेकर फार मोठी येते. राजा जाळीतून हात... चुकलो, खूर हलवत होता.

आता इथे जरा थांबून एक विचार करा, बाळांनो. रानडुकराच्या पोटात कावळे ओरडत होते. त्याने इकडेतिकडे पाहिलं. माकड ढेकर देतंय, ससा ढेकर देतोय. रानडुक्कर मनात म्हणालं, ‘सगळ्यांची पोटं भरलेली दिसतात. मीच एकटा मागच्या काठावर राहिलो की काय?’ आणि कुणाला कळू नये म्हणून त्याने आणखी मोठी ढेकर दिली. ती ऐकून माकड मनात म्हणालं, ‘बाप रे, रानडुक्कर किती जेवलंय! माझ्यातच काहीतरी खोट असणार.’ सशाने माकडाकडे पाहिलं. असं सगळं रान एकमेकांकडे बघत होतं आणि प्रत्येक जण आपल्याला एकटाच समजत होता. भुकेपेक्षा हे वाईट असतं.

कुसळीच्या घरी मात्र ढेकरेने भागत नव्हतं. तिला एक धाकटा भाऊ झाला होता. एवढुसा, ओल्या पानासारखा. आईच्या पोटात गवत नाही, म्हणून तिला दूध नाही. भाऊ आईच्या कासेला ढुशा देई, देई आणि मग नुसता पडून राही. त्या दिवशी त्याने ढुशा देणंही सोडलं.

“आई, आपण पोचलोय का?” कुसळीने विचारलं.

आईने आधी मागे पाहिलं. तुरेकर जवळपासच होते. “पोचलोय म्हणजे पोचलोच,” ती छाती काढून म्हणाली. भेकराची छाती ती केवढी! पण काढली तिने. मग मान खाली घालून कुसळीच्या कानात म्हणाली, “जाळीत करवंदं पिकली असतील. जा, मिळतील तेवढी आण माझ्यासाठी. बघते, दूध येतं का.”

ती ‘बघते’ म्हणाली. कुसळीने ते ऐकलं आणि तिला एकदम बरं वाटलं. पुष्कळ दिवसांनी कुणीतरी तिच्या ओळखीचं बोललं होतं.

करवंदीची जाळी एकच मोठी होती, आणि तिच्यासमोर दरबार भरलेला होता. कुसळी मागच्या बाजूने जाळीत शिरली. करवंदं खाली होती, काळीभोर. ती टिपता टिपता तिच्यासमोर एक खांब आला. काळा, जाडजूड, खाली पांढरा मोजा घातल्यासारखा. गव्याचे पाय तसेच असतात. आणि तो खांब लटलट कापत होता.

पुढे राजाचं भाषण रंगात आलं होतं. “आज सगळी रानं आपल्याकडे डोळे लावून बसली आहेत!”

“काका,” मागून बारीक आवाज आला, “तुम्हाला थंडी वाजतेय का?”

राजा गोठला. मग ओठ न हलवता पुटपुटला, “कोण आहे?” गव्यांना असं बोलता येतं. लांबून रवंथ केल्यासारखं दिसतं.

“मी कुसळी. तुमचा पाय कापतोय.”

“काका नाही, सरकार म्हण. आणि तो कापत नाहीये.” मग मोठ्याने, “आपण थांबणार नाही!”

“थांबणार नाही म्हणजे नाहीच!” प्रजा गरजली.

“खरंच थांबत नाहीये,” कुसळी म्हणाली. “दुखतोय? मी टेकून उभी राहू का? माझा भाऊ कापतो तेव्हा मी तशीच राहते.” आणि ती राजाच्या पायाला टेकून उभी राहिली.

बाळांनो, राजा झाल्यापासून त्या पायाला कुणी विचारलं नव्हतं. थरथर जरा कमी झाली.

“कुणाला सांगू नकोस,” राजा पुटपुटला.

“नाही सांगत. हत्तीणआजींचा पण कापायचा.”

“काय?” हे जरा मोठ्यानेच आलं. प्रजा ओरडली, “काय म्हणजे कायच!”

“हो. मी पोटाखाली होते ना. पाण्यात घालायच्या आधी कापायचा. म्हणून तर त्या चाचपायच्या. कापला नसता तर कशाला चाचपलं असतं?”

“सगळ्यांसमोर कापायचा?”

“सगळ्यांसमोर.”

“आणि तरी लोक त्यांना मतं द्यायचे?”

“शेवटी नाही दिली.”

पुढे टिटवीबाई खोकली, कारण भाषणात मोठी फट पडली होती. राजाने घाईने म्हटलं, “आपलं भविष्य उज्ज्वल आहे!” आणि पुन्हा रवंथ केल्यासारखं, “तू इथे कशाला आलीस?”

“करवंदं न्यायला. आईला दूध नाही. भाऊ आता ढुशा पण देत नाही. काका, आपण खरंच पोचलोय का? पोचलो असू तर गवत कुठंय? आणि पोचलो नसू तर तुम्ही का नेत नाही?”

आता दोन तोंडांनी बोलणं सोपं नसतं, कितीही सराव असला तरी. एक उत्तर पुढे द्यायचं, एक मागे. त्यात पोरीने विचारलं ते थेट काट्यांच्याही आत जाऊन टोचलं. ठामरावांचं गणित चुकलं. मागे द्यायचं उत्तर पुढे गेलं, तेही भाषणाच्या आवाजात.

“कारण मला वाट माहीत नाही!”

राजाला वाटलं, संपलं सगळं. आणि खरं सांगायचं तर त्याला क्षणभर हलकंही वाटलं.

मग प्रजा उठली आणि एका सुरात गरजली, “माहीत नाही म्हणजे नाहीच!”

टाळ्या, डरकाळ्या, शेपट्यांचा फडफडाट. राजाने डोळे विस्फारले. “अहो, ऐका! मला नदीची भीती वाटते!”

“वाटते म्हणजे वाटतेच!”

“मला... मला काहीच येत नाही!”

“येत नाही म्हणजे नाहीच! ठामरावांचा विजय असो!”

टिटवीबाईने पंख पसरले. “ऐकलंत? भीतीचं नाव घ्यायची एवढी छाती आजवर कुठल्या राजाने दाखवली? काहीही न येण्याबाबत एवढा ठाम राजा तुम्ही पाहिला होता?” माकडाला भरून आलं. ते झाडावरून अभिमानाने उतरलं. तुरेकरांनी तिथल्या तिथे नवी घोषणा पाठ करून घेतली. काही जण आपल्यालाही काही येत नाही असं छाती काढून सांगू लागले.

ठामराव उभेच राहिले. वर्षभरात पहिल्यांदा खरं बोलले होते, तेही तीन वाक्यं, आणि कुणी ऐकलं नव्हतं.

“बघितलंस?” ते मागे पुटपुटले. आवाज रडवेला होता. “सांगितलं मी. आता काय करू?”

कुसळीने विचार केला. “काका, तुम्ही बोलत असलात की सगळे तुमच्याकडेच बघतात ना?”

“हो. दुसरीकडे बघायला बंदी आहे.”

“मग तुम्ही बोलत राहा. मी तेवढ्यात नदीवर जाऊन येते.”

राजाने श्वास भरून घेतला आणि भाषण सुरू केलं. त्याच्या कारकिर्दीतलं ते सगळ्यात उपयोगी भाषण. त्यात काय होतं ते आज कुणालाच आठवत नाही. एवढं खरं की ते फार लांबलं. मध्ये शिंगांची महती झाली, पूर्वजांची झाली, शेजारच्या रानातल्या तरसांना दम देऊन झाला. दम देताना पाय नेहमीपेक्षा जास्त कापला, पण राजा थांबला नाही. छातीपथक जागच्या जागी ताठ उभं होतं. नदीकडे एकाचीही मान वळली नाही.

आणि नदीवर कुसळीने पाय पाण्यात घातला. वाळू सरकली. मागे घेतला. बाजूला सरकली, पुन्हा घातला. पुन्हा मागे. तिचेही पाय कापत होते, पण पाण्यात कापणारा पाय आणि न कापणारा पाय सारखाच ओला होतो. एका जागी खुराखाली गोटे लागले. ती पुढे झाली. एकदा मधोमध खड्डा आला आणि पाणी नाकाला लागलं. ती मागे फिरली, वळसा घेतला, आणि पुन्हा गोटे लागले.

भाषण ‘आणि शेवटी’पर्यंत आलं होतं. शेवट अजून लांब होता. तेव्हा दरबाराच्या मागच्या बाजूने कुसळी परत आली. पोटापर्यंत ओली. तोंडात गवताचा झुपका, हिरवा, ताजा, मुळाशी चिखल लागलेला. तो तिने मागच्या रांगेत धाकट्याला घेऊन बसलेल्या आईसमोर ठेवला.

कुठून आणलं ते सांगायची गरज नव्हती. गवताला वास असतो.

रानडुकराचं नाक हललं. सशाचं हललं. आईने गवत खाल्लं, कुसळीच्या ओल्या पायांकडे पाहिलं, धाकट्याला उठवलं आणि छाती न काढता चालायला लागली. तुरेकर आडवे आले. “कुठे?”

“नदीवर.”

“पाऊल मागे घेणार आहात काय?”

“लागलं तर घेईन,” आई म्हणाली आणि त्यांच्या बाजूने निघून गेली. तेवढ्यात तुरेकरांनाही वास आला.

“मी जरा पाय धुवून येतो,” रानडुक्कर शेजाऱ्याला म्हणालं.

“मीही येतो, माझे फार मळलेत,” ससा म्हणाला.

माकड म्हणालं, “मी यांच्यावर लक्ष ठेवायला जातो.” कासवाने मान आत घेतली, मोठा निःश्वास सोडला आणि निघालं. त्या दिवशी सगळ्या रानाला पाय धुवायचे होते. कुसळी पुढे, तिच्या मागून आई आणि धाकटा, त्यांच्या मागून सगळे. कुणी कुणाच्या नजरेला नजर देत नव्हतं. प्रत्येक जण पायाखाली बघत होता, आणि पहिल्यांदाच सगळे एकाच ठिकाणी बघत होते.

ठामराव बोलतच होते. समोर एकटी टिटवीबाई उरली. मग तिनेही एकदा वर आभाळाकडे पाहिलं, एकदा नदीकडे, आणि भुर्रकन उडाली.

उन्हं कलली तेव्हा कुसळी परत आली.

“काका, झालं. चला आता. माझ्या मागून या.”

“सगळे बघतील.”

“कुणी बघत नाहीये. सगळे चरतायत.”

राजा जाळीतून निघाला. अर्धी जाळी त्याच्या मागच्या भागाला चिकटून आली. नदीच्या मधोमध, खड्ड्यापाशी, त्याने टाकलेलं पाऊल मागे घेतलं. पैलकाठावरून ते सगळ्यांनी पाहिलं. सगळ्यांच्या तोंडात गवत होतं.

एक अडचण मात्र राहिलीच. दवंडी कुणी मागे घेतली नव्हती. त्यामुळे सरकारी भाषेत आडवनातले प्राणी पैलकाठावरून ऐलकाठावर परत आलेले आहेत. यालाही महोत्सव झाला. ढेकर या वेळी खरी होती, त्यामुळे बारीक आली.

धाकटा भाऊ दुसऱ्या दिवशी आईला अशा ढुशा देऊ लागला की ती ओरडली.

पावसाळा गेला, पाणी उतरलं, परत सावलीच्या काठाकडे जायचे दिवस जवळ आले. त्याआधी निवडणूक होती. हत्तीणबाईंना बोलावणं धाडावं असं कासवाच्या मनात आलं होतं, पण ते कासवामार्फत धाडायचं असल्याने अजून पोचलेलं नाही. ठामराव नव्या करवंदीला पाठ लावून उभे राहिले.

“नेलं म्हणजे नेलंच!” ते म्हणाले. जाळीत पाचोळा सळसळला.

“नेलं म्हणजे नेलंच!” रान गरजलं.

रानडुकराने कुसळीलाही गमतीने विचारलं, “काय गं, तू उभी राहशील का पुढे कधी?”

“बघू,” कुसळी म्हणाली. सगळे खूप हसले.

मग सगळ्यांनी रांगेत उभं राहून, छाती काढून, ठामरावांना मत दिलं. आणि मत देऊन झाल्यावर, आजूबाजूला कुणी नाही असं पाहून, एकेक जण कुसळीपाशी आला. रानडुक्कर आलं, ससा आला, मताची शाई सुकायच्या आत हवालदार तुरेकर आले, आणि सगळ्यात शेवटी विजयाचे हार गळ्यात तसेच ठेवून ठामराव आले. प्रत्येकाने हळू आवाजात एकच विचारलं, “परत कधी जायचं गं? वाट कुठून आहे?”

कुसळी चरायची थांबली. काठावर गेली. एक पाय पाण्यात घातला, आणि मागे घेतला.